छापून झालेली संध्याकाळ

घडण्याआधी बातमी लिहिणं ही कला आहे आणि ती मला येते. उगाच बढाई मारत नाही. एका दैनिकाची शनिवारची पुरवणी मी बरीच वर्षं सांभाळतो आहे. उद्घाटन असो, सत्कार असो, फुलांचं प्रदर्शन असो, मी तिथे जातो ते माझी बातमी बरोबर आली आहे ना, एवढंच बघायला. पाहुणे उशिरा येणार, माईक एकदा किंचाळणार आणि अध्यक्ष ‘मी फार वेळ घेणार नाही’ असं म्हणून वेळ घेणार. यात न घडण्यासारखं काय आहे? मी सकाळीच लिहून मोकळा होतो. संध्याकाळ बिचारी येते आणि लिहिल्याप्रमाणे वागते.

काही जण याला खोटं म्हणतील. मी त्याला आगाऊ खरं म्हणतो. शिवाय दुसरा इलाजही नाही. पुरवणी मुख्य अंकाच्या आधी छापतात. शुक्रवारी दुपारी तिचे गठ्ठे बांधून तयार असतात आणि शनिवारी पहाटे ते अंकात सरकवले जातात. तेव्हा शुक्रवारच्या संध्याकाळबद्दल शनिवारी वाचायचं असेल, तर कुणाला तरी ती शुक्रवारी सकाळीच जगून घ्यावी लागते. ते काम माझं.

आणि या सगळ्या वर्षांत माझ्या पुरवणीला एकदाही दुरुस्ती छापावी लागलेली नाही. हे महत्त्वाचं, कारण आमच्या संपादकांचा नियम साधा आहे. पुरवणीत दुरुस्ती आली की पुरवणी दुसऱ्याकडे गेली. दुसरा कोण, तेही ठरलेलं आहे. तो माझ्या मागच्याच टेबलावर बसतो आणि माझ्या खुर्चीकडे भाड्याचं घर बघायला आल्यासारखा बघतो.

तर त्या शुक्रवारचा विषय होता माझा मेहुणा.

बायकोचा हा धाकटा भाऊ. सहा फूट उंच आहे, डोक्यावरचे केस निम्मे गेले आहेत आणि घरात त्याला छोटू म्हणतात. बरी चाललेली नोकरी सोडून त्याने संध्याकाळच्या सहली काढल्या होत्या. लोकांना गाडीत घालायचं, चांगलंचुंगलं खायला न्यायचं, मग थोडं नाचगाणं आणि शेवटी एखाद्या उंच जागेवरून दिवे दाखवून घरी सोडायचं. घर सोडून तो तेव्हापासून आमच्या हॉलमधल्या सोफ्यावर राहत होता. सोफा त्याला आखूड पडायचा, त्यामुळे पाय स्वयंपाकघराच्या दारात यायचे. पहाटे पाणी प्यायला उठलं की आधी त्यांना ओलांडावं लागे.

“त्याच्याबद्दल चार ओळी लिहा ना,” बायको म्हणाली.

“पहिली सहल होऊ दे.”

“पहिली सहल झाल्यावर लिहिलंत तर दुसरीला कोण येणार? पहिलीला येणारे सगळे ओळखीचेच आहेत.”

पायांचा विचार करून मी चार ओळींचं अर्धं पान केलं. छोटूकडून कार्यक्रम विचारून घेतला. कोरियन बार्बेक्यू, मग कॅराओके, मग एका इमारतीच्या गच्चीवरचं कॅफे. येणाऱ्यांत एक निवृत्त पोस्टमास्तर आणि त्यांची पत्नी आहे, काका गातात वगैरे कळलं. एवढ्यावर माझ्यासारखा माणूस अर्धं पान काय, पुस्तक लिहील. जुन्या फोटोंतून धगधगत्या निखाऱ्यांचा एक झकास फोटो काढला आणि लेख लावून टाकला.

संध्याकाळी मी आणि बायको गाडीत बसलो तेव्हा मी अगदी निवांत होतो. माझं काम झालेलं होतं.

गाडीत पोस्टमास्तर काका होते, काकू होत्या आणि आणखी तीन-चार तरुण मंडळी होती. ही मंडळी पूर्ण वेळ फोनवर स्वतःचे फोटो काढत होती. या हकिगतीत त्यांचं तेवढंच काम. माझ्या शेजारी चष्म्याच्या दोरीशी खेळत एक बाई बसल्या होत्या.

“मी दंतवैद्य आहे,” त्या म्हणाल्या. “तुमची पुरवणी नियमित वाचते. पत्रंही पाठवते.”

आमच्या कचेरीत ही पत्रं सगळ्यांना माहीत आहेत. मागे आम्ही एका पुलाला कमान नसताना कमान लिहिली होती, तेव्हा बाईंनी पुलाखाली उभं राहून काढलेला फोटो पाठवला होता. मुख्य अंकाच्या दोन दुरुस्त्या त्यांच्या खात्यावर जमा आहेत. मी सुटलो होतो ते निव्वळ नशिबाने.

“या सहलीवर लिहिणार का?”

“हो, उद्याच्या पुरवणीत.”

“उद्याच्या? पुरवणी तर दुपारी छापतात ना? तुमच्या छापखान्यातले एक जण माझ्याकडे दाढ काढायला आले होते.”

“काही पानं उशिरा जातात.”

“अच्छा,” बाई म्हणाल्या. दंतवैद्य आपल्या तोंडात आरसा घालून काही न बोलता ‘अच्छा’ म्हणतात, अगदी तसं.

तिथून माझा निवांतपणा संपला. छापलेलं प्रत्येक वाक्य मी मनात उघडून बघू लागलो. पहिलंच वाक्य होतं, ‘लालबुंद कोळशावर मांसाच्या पातळ चकत्या चुरचुरत होत्या आणि प्रत्येक पाहुणा आपला घास आपल्या हाताने भाजून घेत होता.’

हरकत नाही. बार्बेक्यू म्हटल्यावर कोळसा असणारच.

ते हॉटेल शिंप्याचं दुकान आणि किल्ल्या बनवणाऱ्याची टपरी यांच्यामध्ये होतं. आत टेबलांच्या मधोमध भोक पाडून त्यात शेगडी बसवलेली होती. प्रत्येक शेगडीवर छतातून धूर ओढणारा एक पाइप सोंडेसारखा खाली आला होता. लहान लहान वाट्यांत आंबवलेल्या कोबीची किमची, मोड आलेले दाणे, लाल तिखटगोड लगदा, टोपलीत धुतलेली पालेभाजीची पानं. बघून बरं वाटलं. मग मी खाली वाकून शेगडी बघितली. निळी ज्योत. गॅस.

“छोटू, हा गॅस आहे.”

“हो भावजी. एकदम स्वच्छ. धूर नाही, काही नाही.”

“कोळसा कुठे आहे?”

“कोळसा कशाला?”

तेवढ्यात मालकीणबाई आल्या. ठेंगण्या, कोरियन, अॅप्रनच्या पट्ट्यात मोठी कात्री खोचलेली. त्यांनी चिमट्याने मांसाच्या पट्ट्या शेगडीवर अंथरल्या, उलटल्या, कात्रीने कराकरा कापल्या आणि प्रत्येकाच्या ताटलीत तुकडे टाकले. पोस्टमास्तर काकांनी हौसेने दुसरा चिमटा उचलला. बाईंनी तो त्यांच्या हातातून काढून घेतला.

“तुम्ही जाळाल,” त्या म्हणाल्या. “गिऱ्हाईक नेहमी जाळतं आणि नाव माझं खराब होतं.”

समोर दंतवैद्य बाई एकेक घास चावत सगळीकडे बघत होत्या. एका वाक्यात दोन चुका. कोळसा नाही आणि कुणाचाही हात शेगडीला लागत नाही.

मी मालकीणबाईंची मुलाखत घ्यायचं ठरवलं. माणूस मुलाखत द्यायला लागला की हातातलं काम विसरतो, असा माझा अनुभव आहे. त्यांना लहानपणाबद्दल विचारलं, आईच्या स्वयंपाकाबद्दल विचारलं, आणि मागच्या मागे काकांना चिमटा घ्यायची खूण केली. बाई माझ्याकडे बघत अगदी मनापासून बोलल्या. बोलता बोलता, न बघता, मागे हात करून त्यांनी काकांच्या बोटांवर चिमटा वाजवला.

“बरं, कोळशावरचं एखादं टेबल?” मी विचारलं.

“कोपऱ्यात आहे, पण त्याचा पाइप धुवायला काढलाय. आज बंद.”

“थोडा वेळ चालवा. वाचकांसाठी.”

“धूर होईल.”

“होऊ दे.”

“मग मी तिथे उभी राहणार नाही. तुमचं तुम्ही भाजा.”

मला त्यांना मिठी मारावीशी वाटली. एका दगडात दोन्ही चुका पडल्या. मी सगळ्यांना उठवून कोपऱ्यातल्या टेबलावर नेलं. छोटू म्हणत होता, “भावजी, इथे बरं चाललं होतं हो,” पण मी ऐकलं नाही. निखारे आले. लालबुंद, लेखातल्यासारखे. प्रत्येकाच्या हातात मी चिमटा दिला.

“भाजा. आपला घास आपण.”

“मला भूक नाही आता,” काकू म्हणाल्या.

“एकच. माझ्यासाठी.”

मांसाची चरबी निखाऱ्यांवर ठिबकली आणि जे व्हायचं ते झालं. आधी समोरच्या दंतवैद्य बाई दिसेनाशा झाल्या, मग टेबल, मग माझा स्वतःचा हात. काका शेगडीच्या सगळ्यात जवळ होते. त्यांनी हाती घेतलेलं काम अर्धवट टाकायचं नाही म्हणून तुकडा पूर्ण भाजून घेतला. शेवटी सगळे हातात पालेभाजीचं एकेक पान घेऊन फुटपाथवर उभे राहून खोकत होते. शिंपी मशीन थांबवून बाहेर आला. किल्लीवाल्याने विचारलं, “आग लागली का?”

“नाही, जेवण झालं,” बायको म्हणाली.

पण वाक्य खरं झालं होतं. शब्दन् शब्द.

कॅराओकेच्या जागी पोचल्यावर कळलं की काकांचा आवाज गेलाय. घशातून फक्त हवा येत होती. दार नीट न लागणाऱ्या गाडीत वारा शिरतो तशी.

ही एक लहानशी खोली होती. भिंतींना कापसाची गादी, समोर पडदा, पडद्यावर गाण्याचे शब्द, आणि टेबलावर माईक. माईक एकच होता. माझं वाक्य होतं, ‘लाजत लाजत माईक हाती घेतलेल्या पोस्टमास्तरांनी वेळ संपेपर्यंत तो सोडलाच नाही.’

मी छोटूला बाहेरच्या बोळात नेलं आणि खरं काय ते सांगितलं. त्याने शांतपणे ऐकलं.

“म्हणजे आज काय होणार ते तुम्ही दुपारीच छापलं होतं?”

“हो.”

“मग धुराचं आधी सांगायचं ना मला.”

“धूर त्यात नाही. म्हणूनच तर सगळा घोळ झालाय. ती बाई पत्र पाठवणार. माझी पुरवणी जाईल आणि तुझी सहल खोटी म्हणून छापून येईल. मग तुझे पाय कायमचे माझ्या स्वयंपाकघरात.”

छोटूने स्वतःच्या पायांकडे बघितलं. “पण काका गाणार कसे?”

आणि तेव्हा मला सुचलं. काका गायले, असं मी लिहिलंच नव्हतं. माईक सोडला नाही, एवढंच लिहिलं होतं. नेमकं लिहायची सवय माणसाला अशी वाचवते.

मी आत जाऊन काकांच्या हातात माईक दिला आणि कानात सांगितलं, “हा तुमच्या ताब्यात. वेळ संपेपर्यंत कुणालाही द्यायचा नाही.”

हे शब्द मी चुकीच्या माणसाला सांगितले. काका ताठ बसले. त्यांची सगळी नोकरी ताब्यात आलेली वस्तू योग्य माणसाखेरीज कुणालाही न देण्यात गेली होती. माईक त्यांनी छातीशी धरला. पडद्यावर गाणं सुरू झालं, शब्द सरकू लागले, संगीत वाजत राहिलं, आणि आम्ही सगळे ओळीत बसून माईक धरलेल्या, मुक्या पोस्टमास्तरांकडे बघत राहिलो. गाणं संपलं. दुसरं लागलं.

तरुण मंडळींनी माईक मागितला. काकांनी मान हलवली. काकूंनी मागितला.

“अहो, द्या की. तुम्हाला गाता येत नाहीये तर निदान मला तरी गाऊ द्या.”

काकांनी माझ्याकडे बघितलं. मी डोळ्यांनी ‘नाही’ म्हटलं.

मग माझी बायको उठली. तिने भावाच्या या सहलीसाठी एक गाणं बसवलं होतं. गेले कित्येक दिवस ती भांडी घासताना ते मी ऐकत होतो आणि नळ बिघडलाय असं समजत होतो. आज तिने ठेवणीतल्या कुड्या घातल्या होत्या. ती काकांसमोर उभी राहिली.

“काका, एकच गाणं. हे संपलं की माझं लागतं.”

काका विरघळले. माईक अर्धा पुढे आला. मी जोरात खोकलो. माईक परत गेला.

बायकोने वळून माझ्याकडे बघितलं. तिच्या गाण्याचे शब्द पडद्यावरून एकेक करून सरकत गेले आणि ती पाठमोरी उभी राहिली. ते संपल्यावर ती जागेवर येऊन बसली. माझ्या शेजारच्या नव्हे, पलीकडच्या.

“हे नेमकं काय चाललंय?” दंतवैद्य बाईंनी विचारलं.

“हौस असते एकेकाची,” मी म्हणालो.

वेळ संपल्यावर तिथला माणूस माईक न्यायला आला. तेव्हा नवीच भानगड. काकांनी डाव्या तळव्यावर उजव्या हाताने लिहिल्याची खूण केली.

“काय म्हणतायत?” त्या माणसाने विचारलं.

“सही मागतायत,” काकू म्हणाल्या. “सहीशिवाय ते काही सोडत नाहीत. लग्नात हारसुद्धा असाच अडकवून ठेवला होता.”

“आमच्याच माईकसाठी मी सही करू?”

बाहेर पुढची मंडळी ताटकळत होती. एका कचेरीतले लोक होते, घसे साफ करून आलेले. त्यांनी दार वाजवायला सुरुवात केली. शेवटी त्या माणसाने हात जोडले, छोटूकडून पेन घेतलं आणि कागदी रुमालावर सही करून दिली. काकांनी ती नीट वाचली, घडी घालून खिशात ठेवली आणि मगच मूठ उघडली.

गच्चीवर जाताना लिफ्टमध्ये मला शेवटचं वाक्य आठवलं. ‘शहराचे दिवे बघता बघता सगळे निःशब्द झाले. कुणालाही कुणाशी बोलावंसं वाटत नव्हतं.’ एवढ्या माणसांना गप्प कसं करायचं? धुराबद्दल, माईकबद्दल, एकमेकांच्या नातेवाइकांबद्दल लोक बोलणार नाहीत का?

बोलले नाहीत. काकांना आवाज नव्हता. काकू काकांवर चिडल्या होत्या. बायको माझ्यावर. तरुण मंडळींच्या कपड्यांना आणि केसांना जळक्या चरबीचा वास येत होता, ती सगळ्यांवरच. छोटू कठड्याशी उभा राहून खाली बघत होता. त्याने मध्येच तोंड उघडलं, मी डोळे वटारले, त्याने मिटलं. गार वारा होता, खाली दिव्यांच्या माळा पसरल्या होत्या आणि कुणालाही कुणाशी बोलावंसं वाटत नव्हतं. सबंध लेखातलं हे एकच वाक्य माझ्या मदतीशिवाय खरं झालं.

वेटर कॉफी ठेवायला आला, आमच्याकडे बघून थबकला आणि हळू आवाजात मला म्हणाला, “घरातलं कुणी गेलं का, साहेब?”

परतीच्या गाडीत दंतवैद्य बाई उतरताना एवढंच म्हणाल्या, “वाचते उद्या.” गाडी चालवणारा छोटू आरशातून माझ्याकडे न बघता म्हणाला, “सोमवारी जुन्या साहेबांना फोन करतो, भावजी. परत घेतील बहुतेक.” पाय मला आवडत नव्हते, पण ते असे घडी घालून नोकरीकडे परत जाताना बघणंही बरं वाटेना.

सकाळी हॉलमध्ये फोन वाजत होता. ठेवला की पुन्हा वाजत होता. मी बाहेर आलो तर छोटू सोफ्यावर मांडी घालून बसला होता आणि त्याच्या चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता.

“पुढचा शुक्रवार भरला. त्याच्या पुढचाही भरला. भावजी, काय लिहिलंय तुम्ही.”

“मग नोकरी?”

“कसली नोकरी? फक्त एक गोष्ट आहे. लोक म्हणतात, लेखात आहे तसंच पाहिजे. कोळसा पाहिजे. हाताने भाजायचंय. माईक न सोडणारे ते काका पाहिजेत. आणि शेवटी ती गप्प बसायची जागा. ती तर सगळ्यांना पाहिजे. एक जण म्हणाला, घरी मिळत नाही हो.”

तेवढ्यात माझा फोन वाजला. दंतवैद्य बाई.

“लेख वाचला,” त्या म्हणाल्या. “पेन घेऊन वाचला. एकही चूक नाही.”

“धन्यवाद.”

“त्याचाच मला त्रास होतोय. तुम्ही धुराबद्दल लिहिलं नाहीत, पण धूर नव्हता असंही लिहिलं नाहीत. असा लेख मी बघितला नव्हता. पुढच्या शुक्रवारी पुन्हा येतेय. एकदा घडलं म्हणजे खरं, असं मी मानत नाही.”

तेव्हापासून दर शुक्रवारी पुरवणी छापायला सोडली की मी निघतो. मालकीणबाईंच्या कोपऱ्यातल्या टेबलावर निखारे मी पेटवतो. पाइप आता बसवला आहे, तरी धुराशिवाय मजा नाही म्हणून काही लोक तो वर सरकवतात. पोस्टमास्तर काकांचा आवाज परत आलाय, म्हणजे आता ते माईकही सोडत नाहीत आणि गातातही. काकू सहलीला येत नाहीत, तेवढ्या वेळात त्या घरी मोठ्याने गातात असं ऐकतो. दंतवैद्य बाई मागच्या बाकावर असतात. छोटूने स्वतःची खोली घेतली आहे.

परवा बायकोने बऱ्याच दिवसांनी सरळ प्रश्न विचारला.

“दुरुस्ती छापली असतीत तर किती जागा लागली असती?”

“चार ओळी.”

“आणि शुक्रवार?”

“माझे राहिले असते.”

“आणि माझं गाणं?”

मी पुरवणीची पानं उलटायला घेतली. छोटूला मात्र एका गोष्टीची काळजी राहिलेली नाही. गच्चीवरची शांतता दर वेळी जमवायची कशी, असं त्याने सुरुवातीला मला विचारलं होतं. आता विचारत नाही. ती मी आणि बायको घरून निघतानाच तयार करून नेतो.